विश्लेषण : शेपटीमागे सहा डॉलर, तरीही न्यूट्रिया संपेना! अमेरिकेची ही डोकेदुखी काय आहे?

अमेरिकेच्या मत्स्य आणि वन्यजीव सेवेने फेब्रुवारी २०२५ मध्ये नागरिकांना एक अजब आवाहन केले. पाणथळ जागा वाचवायची असेल, तर न्यूट्रिया शिजवून खा! हा उंदीरवर्गीय प्राणी तेथील दलदली आणि बांध पोखरत आहे. लुइझियाना राज्य त्याच्या शेपटीमागे दोन दशकांहून अधिक काळ पैसे मोजत आहे, तरी तो कायम आहे. मेरीलँडने मात्र त्याचा पूर्ण नायनाट केला. हा फरक कशामुळे पडला, याविषयी...

न्यूट्रिया कसा असतो?
न्यूट्रिया किंवा कॉयपू हा मूळचा दक्षिण अमेरिकेच्या दक्षिण भागातला. लांबून मोठी घूसच वाटावी, पण वजन पाच ते नऊ किलो. पुढचे दात गडद केशरी, मिशा पांढऱ्या, मागच्या पायांच्या बोटांमध्ये पोहण्यासाठी पडदा आणि शेपटी उंदरासारखी गोल. मादी चार ते सहा महिन्यांतच प्रजननक्षम होते. साधारण १३० दिवसांच्या गर्भधारणेनंतर सरासरी चार-पाच, कधी १३ पर्यंत पिल्ले होतात आणि दोन दिवसांत ती पुन्हा गाभण राहू शकते. त्यामुळे मोहिमेत मोजके प्राणी वाचले, तरी काही वर्षांत संख्या पूर्ववत होते.

अमेरिकेत आला कसा?
माणसानेच आणला, तोही फरसाठी. १८९९ मध्ये कॅलिफोर्नियात पहिला प्रयत्न झाला, तो फसला. १९३० च्या दशकात लुइझियानात फरच्या व्यवसायासाठी न्यूट्रियापालन सुरू झाले. तेथून काही प्राणी निसटले, काही मुद्दाम सोडले गेले. फरला भाव होता तोवर शिकारीमुळे त्यांची संख्या आटोक्यात राहिली. १९८० च्या दशकात बाजार कोसळला, सापळे बंद पडले आणि प्राणी वाढत गेले.

नुकसान नेमके कसे होते?
न्यूट्रिया रोज वजनाच्या सुमारे २५ टक्के खाद्य फस्त करतो आणि त्याहून किती तरी अधिक वनस्पती उपटून वाया घालवतो. तो फक्त पाला खात नाही, मुळे आणि कंदही उकरतो. दलदलीतील चिखल या मुळांच्या जाळ्यानेच धरून ठेवलेला असतो. जाळे तुटले की भरती-ओहोटीबरोबर माती वाहून जाते आणि तेथे उघडे पाणी उरते. एकदा जमीन खचली, की वनस्पती सहसा परत येत नाहीत.

लुइझियानाने १९३२ ते २०१६ या काळात सुमारे ४,८०० चौरस किलोमीटर किनारी जमीन गमावली. याचे सारे खापर न्यूट्रियावर फोडता येणार नाही. मिसिसिपीवरील बांधांमुळे अडलेला गाळ, तेल कंपन्यांचे कालवे, खचणारी जमीन आणि वाढती समुद्रपातळी ही मोठी कारणे आहेत. मात्र आधीच अशक्त झालेल्या दलदलीवर न्यूट्रिया आणखी घाव घालतो. चक्रीवादळाच्या लाटांचा जोर कमी करणारी ढाल हीच दलदल आहे.

कॅलिफोर्निया का धास्तावला?
१९७० च्या दशकात न्यूट्रिया संपल्याचे या राज्याने गृहीत धरले होते. मात्र २०१७ मध्ये मर्सेड परगण्यात एक गाभण मादी सापडली. तेव्हापासून पाच हजारांहून अधिक प्राणी पकडण्यात आले आहेत. खरी चिंता सॅक्रामेंटो-सॅन वाकीन त्रिभुज प्रदेशाची आहे. तेथील अनेक बेटांची जमीन समुद्रपातळीच्या खाली असून ती मातीच्या बांधांमुळेच कोरडी राहते. न्यूट्रिया नेमका याच बांधांत बिळे करतो. राज्यातील सुमारे २.७ कोटी लोकांना आणि विस्तीर्ण शेतीला येथून पाणी मिळते. बांध फुटला, तर खारे पाणी आत शिरून हा पुरवठाच अडचणीत येऊ शकतो.

शेपटीमागे पैसे देऊन काय साधले?
लुइझियानाने २००२ मध्ये शेपटीमागे चार डॉलर द्यायला सुरुवात केली. २००६ मध्ये ही रक्कम पाच आणि २०१९ मध्ये सहा डॉलर झाली. वर्षाला चार लाखांपर्यंत शेपट्या जमा करण्याचे लक्ष्य आहे. सुरुवातीला सुमारे ८० हजार एकरांवर असलेले नुकसान नंतर बरेच घटले. मात्र हा कार्यक्रम नियंत्रणाचा आहे, निर्मूलनाचा नाही. प्राणी भरपूर असतात तिथे सापळे लावणे परवडते. दहा मैलांत एकच उरला असेल, तर सहा डॉलरसाठी बोटीचे इंधन कोण जाळणार?

ब्रिटन आणि मेरीलँडला कसे जमले?
ब्रिटनमध्येही फरसाठी आणलेले न्यूट्रिया ईस्ट अँग्लियात पसरले होते. १९८१ मध्ये तेथे २४ पगारी सापळेकरी नेमण्यात आले. प्राणी संपले की नोकरीही संपणार, ही अडचण ओळखून सरकारने वेगळी योजना आखली. निर्मूलन पूर्ण झाल्यास वार्षिक पगाराच्या तिपटीपर्यंत बोनस देण्याचे ठरले. जितका उशीर, तितका बोनस कमी. जानेवारी १९८९ मध्ये मोहीम यशस्वी झाल्याचे जाहीर झाले.

मेरीलँडच्या ब्लॅकवॉटर अभयारण्यात सुमारे पाच हजार एकर दलदल नष्ट झाली होती. २००२ पासून चेसापीक उपसागराच्या परिसरात पथकांनी पट्टा पट्टा करून प्रदेश पिंजून काढला. माग काढणारे श्वान, कॅमेरे आणि ‘फितूर’ न्यूट्रिया वापरले गेले. नसबंदी करून, रेडिओ पट्टा बांधून सोडलेला प्राणी आपल्या जातभाईंना शोधत जातो आणि पथकाला त्यांचा ठावठिकाणा मिळतो. एकूण सुमारे १४ हजार प्राणी पकडले गेले. शेवटचा २०१५ मध्ये सापडला, तरी त्यानंतर सात वर्षे शोध सुरूच राहिला. सप्टेंबर २०२२ मध्ये अधिकृत घोषणा झाली.

मग खाऊन प्रश्न सुटेल?
या मांसात चरबी कमी असते आणि लुइझियानात काही आचाऱ्यांनी ते लोकप्रिय करण्याचे प्रयत्नही केले. खवय्यांमुळे संख्या थोडी घटेल, जनजागृतीही होईल. मात्र मागणी टिकवायची तर पुरवठाही टिकवावा लागतो. फरच्या धंद्यातून आलेले संकट मांसाच्या धंद्याने पूर्ण मिटण्याची शक्यता कमी आहे.

पुढे काय?
कॅलिफोर्नियाने मेरीलँडचा मार्ग धरला असून ४० एकरांचे चौकोन आखून शोध घेतला जात आहे. यापुढची कसोटी निधीची असेल. प्राणी दिसेनासे झाले, की खर्च कशासाठी, असा प्रश्न विचारला जातो. मेरीलँडने तो प्रश्न सात वर्षे झेलला. कॅलिफोर्निया तो किती वर्षे झेलणार, यावर बांधांची आणि त्यामागच्या पाण्याची सुरक्षा अवलंबून आहे.