विलंबाचा जाब कोणी द्यावयाचा?

सरकारी नोकरावर ठपका ठेवण्यास एक दिवस पुरतो. त्याचा निकाल लावण्यास मात्र वर्षे पुरत नाहीत. विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, आणि अपरिहार्य अडचण आली तरी वर्षाच्या आत संपवावी, असे सर्वोच्च न्यायालयाने 2015 साली प्रेमनाथ बाली प्रकरणी बजावले. तरीही चौकश्या रेंगाळतातच.

दाद मागावयास 1991 पासून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. पुण्याच्या कर्मचाऱ्याने त्यासाठी मुंबई गाठावयाची. विलंब अक्षम्य असेल तर दोषारोपच रद्द होऊ शकतात. 1990 सालच्या बानीसिंग प्रकरणात, 12 वर्षांहून अधिक काळाने सुरू केलेली चौकशी अशीच रद्द झाली.

पण यात न्याय कोणास मिळाला? कर्मचारी निर्दोष असेल, तर त्याची हुकलेली बढती आणि समाजात खाली गेलेली मान कोण भरून देणार? तो अपराधी असेल, तर लाच खाऊनही निष्कलंक ठरणार! न्यायालय विलंबाचा शेवट करू शकते, त्याची भरपाई नव्हे. म्हणून मुदत टळताच, कागद अडवून ठेवणाऱ्या वरिष्ठाकडूनच लेखी जबाब घेतला जावा. आज शिस्तीची खरी गरज तेथे आहे.