विश्लेषण : घरात बसलेला संघच अंगावर येतो तेव्हा… ‘बीजीएमआय’, ‘फ्री फायर’मधला आक्रमक बचाव कसा भेदायचा?

जालना शहरातली चहाची टपरी असो की अंबड-परतूरचं बसस्थानक, संध्याकाळी चार पोरं फोन आडवे धरून बसली की एक वाक्य हमखास कानावर पडतं : ‘अरे, ते घरातच बसलेत, चल रश मारू!’ पुढच्या अर्ध्या मिनिटात चौघांपैकी दोघे ‘नॉक’ झालेले असतात. मग खापर फुटतं ते फोनवर, नेटवर किंवा मागे राहिलेल्या मित्रावर. खरं तर ही लढाई रश मारण्याआधीच हरलेली असते. समोरचा संघ घरात लपलेला नसतो, तो तुमची वाट पाहत असतो आणि योग्य क्षणी स्वतःच बाहेर येऊन मारतो. खेळाडूंच्या भाषेत याला ‘अ‍ॅग्रेसिव्ह होल्ड’ म्हणतात. ही चाल इतकी यशस्वी का ठरते आणि तिच्यावर तोड काय, हे समजून घेऊ.

आक्रमक बचाव म्हणजे नेमकं काय?

‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ म्हणजेच बीजीएमआयच्या स्पर्धेत साधारणपणे १६ संघ असतात, प्रत्येकी ४ खेळाडूंचे. म्हणजे एका सामन्यात ६४ जण. खेळ पुढे सरकतो तसं सुरक्षित वर्तुळ, म्हणजे ‘झोन’, आकसत जातं आणि बाहेर राहिलेल्याचं आरोग्य कमी होऊ लागतं.

यात बचावाचे दोन प्रकार दिसतात. पहिला साधा ‘कॅम्पर’. तो दार लावून, आवाज न करता बसतो आणि शेवटपर्यंत टिकायचं एवढंच त्याच्या डोक्यात असतं. दुसरा संघ घर तर धरतो, पण एक-दोन गडी पुढे झाडामागे किंवा कुंपणाच्या कोपऱ्यावर ठेवतो. कुणी जवळून जाताना दिसलं की घरातून गोळीबार, बाजूने दुसऱ्याचा मारा आणि समोरचा एक जण पडला की लगेच धाव. काम झालं की पुन्हा घरात.

कबड्डी पाहणाऱ्याला हे लगेच कळेल. चांगले क्षेत्ररक्षक चढाईपटूची नुसती वाट पाहत नाहीत. कोपरारक्षक पायावर झेपावतो आणि त्याच क्षणी साखळी आत सरकते. पकड हा बचावच, पण अंगावर जाऊन केलेला.

ही पद्धत वाढली कशामुळे?

उत्तर गुणांच्या तक्त्यात आहे. आधीच्या मोठ्या स्पर्धांत पहिल्या ८ क्रमांकांना अनुक्रमे १५, १२, १०, ८, ६, ४, २ आणि १ असे गुण मिळत. २०२३ पासून १०, ६, ५, ४, ३, २, १, १ ही पद्धत रूढ झाली. प्रत्येक ‘किल’चा १ गुण मात्र दोन्हींत तोच राहिला.

आता एक हिशेब करून पाहू. ‘अ’ संघ घरात शांत बसला, दुसरा आला आणि त्याने फक्त २ किल घेतले. ‘ब’ संघ भिडत राहिला, पाचवा आला, पण त्याचे ७ किल झाले.

– जुना तक्ता : अ = १२ + २ = १४; ब = ६ + ७ = १३. अ पुढे.
– नवा तक्ता : अ = ६ + २ = ८; ब = ३ + ७ = १०. ब पुढे.

खेळ तोच, खेळाडू तेच, निकाल मात्र उलटा. नुसतं टिकून राहण्याची किंमत घसरली आणि किलची वाढली. पण घर सोडून मैदानात हिंडणंही धोक्याचंच. मग संघांनी मधला मार्ग धरला : घर सोडायचं नाही, पण जाणाऱ्या-येणाऱ्याला सुखाने जाऊही द्यायचं नाही. आजचा आक्रमक बचाव या गणितातून फोफावला, असं म्हणायला हरकत नाही.

घरातल्या संघाचं पारडं जड का असतं?

याची दोन कारणं तांत्रिक आहेत आणि दोन्हींचा तुमच्या नेमबाजीशी संबंध नाही.

पहिलं कारण कॅमेऱ्याचं. बीजीएमआयच्या स्पर्धा ‘टीपीपी’ प्रकारात होतात. म्हणजे कॅमेरा खेळाडूच्या डोळ्यांत नसतो, त्याच्या पाठीमागे, थोडा वर असतो. त्यामुळे भिंतीआड उभा असलेला खेळाडू स्वतः न दिसता बाहेरचं सगळं पाहू शकतो. तुम्ही मोकळ्या रानातून धावत येता, तो तुम्हाला पाहतो, तुम्हाला मात्र फक्त भिंत दिसते. गोळी कधी झाडायची हे तो ठरवतो.

दुसरं कारण नेटवर्कचं. तुमची हालचाल आधी तुमच्या फोनवरून सर्व्हरकडे जाते आणि तिथून समोरच्याच्या फोनवर. या प्रवासाला वेळ लागतो. तो एकूण १०० मिलिसेकंद, म्हणजे सेकंदाचा दहावा भाग धरला आणि खेळातला माणूस सेकंदाला ६ मीटर धावतो असं मानलं, तर समोरच्याला तुम्ही सुमारे ६० सेंटिमीटर मागे दिसता. म्हणजे कोपऱ्याआडून अचानक डोकावणारा खेळाडू समोरच्याच्या पडद्यावर उशिरा उगवतो. याला ‘पीकर्स अ‍ॅडव्हान्टेज’ म्हणतात. आक्रमक बचाव करणारे नेमका याचाच फायदा उचलतात. ते एका जागी बंदूक रोखून बसत नाहीत, क्षणभर डोकावतात, मारतात, पुन्हा आत जातात.

जिथे सिग्नल एका दांडीवर येतो अशा गावातून खेळणाऱ्याने यातून एक धडा घ्यावा : ज्या कोपऱ्यातून शत्रू येईल असं वाटतं तिथे निशाणा धरून खिळून बसणं तुम्हाला जास्त महागात पडतं. जागा बदलत राहा.

मग तोड काय?

१. आधी डोकी मोजा. घरात चारही जण आहेत का? तिघेच दिसत असतील तर चौथा कुठे तरी पुढे, तुमच्या बाजूला बसलेला आहे हे धरून चाला. आक्रमक बचावाचा कणा हा चौथा गडीच असतो. त्याला आधी शोधा. तो एकटा असतो आणि त्याच्यापर्यंत मदत पोहोचायला घरातल्यांना बाहेर यावं लागतं.

२. धूर स्वतःवर नको, त्यांच्या नजरेवर टाका. बहुतेक नवे संघ ‘स्मोक’ स्वतःच्या पायाशी फोडतात. त्याने तुम्ही झाकले जाता, पण तुम्हालाही काही दिसत नाही आणि तुमची जागा सगळ्यांना कळते. घराच्या खिडक्या-दारांसमोर धूर पडला तर टीपीपी कॅमेऱ्याचा फुकटचा फायदा संपतो.

३. बॉम्बचं काम जागा हलवणं. ‘नेड’ने किल मिळाला तर उत्तमच. पण त्याचा मुख्य उपयोग जमलेल्या गड्याला जमलेल्या जागेवरून उठवणं हा आहे. एकाने खिडकीत बॉम्ब किंवा मोलोटोव्ह टाकायचा, दुसऱ्याने आधीच दारावर बंदूक रोखलेली असावी. हे एकाच वेळी झालं नाही तर दोन्ही वाया.

४. एकट्याची धाव बंद. पुढे जाणारे दोघे असावेत, इतके जवळ की एक पडला तर मारणारा दुसऱ्याच्या समोर येईल. एकाला एक अशी अदलाबदल झाली तरी तुम्ही ३ विरुद्ध ३ राहता. एकेकटे गेलात तर ४ विरुद्ध ३, मग ४ विरुद्ध २.

५. पहिल्या ‘नॉक’नंतरचे १० सेकंद. पडलेल्या साथीदाराला उठवायला साधारण १० सेकंद लागतात आणि तेवढा वेळ उठवणाऱ्याला गोळी झाडता येत नाही. म्हणजे एक पडला, एक त्याच्यात अडकला. घर राखायला दोघेच उरले. रश मारायची खरी वेळ ही. त्याआधीची धाव म्हणजे जुगार.

६. आमिष दाखवा. आक्रमक बचावाची कमजोरी म्हणजे हाव. त्याला किल हवा असतो. एकाने दूरवर मुद्दाम गोळीबार करावा, धूर फोडून कुणाला तरी उठवतोय असं भासवावं. ते बाहेर आले की दोन बाजूंनी मारा. कबड्डीत चढाईपटू पाय पुढे करून कोपरारक्षकाला झेपावायला लावतो आणि तो झेपावला की निसटतो, तसंच हे.

७. नको तिथे लढूच नका. ही सगळ्यात अवघड तोड, कारण यात मन मारावं लागतं. घर पुढच्या झोनबाहेर जाणार असेल तर त्या संघाला कधी ना कधी बाहेर पडावंच लागेल. अशा वेळी घरावर न जाता त्यांच्या वाटेवर जाऊन थांबा. बचाव करणारे आता तुम्ही असता. घर झोनच्या मध्यभागी असेल तर तुमची लांबलेली लढाई ऐकून तिसरा संघ पाठीमागून येणारच. ३० सेकंदांत काही घडलं नाही तर माघार, असा नियम संघाने आधीच ठरवून ठेवावा आणि तो ‘आयजीएल’ने, म्हणजे संघाच्या म्होरक्याने, कठोरपणे पाळावा.

‘फ्री फायर’मध्ये चित्र वेगळं आहे का?

चाल तीच, फक्त घर खिशात असतं. कमी ताकदीच्या फोनवरही चालत असल्याने हा खेळ गावोगावी पोहोचला. मूळ ‘फ्री फायर’वर १४ फेब्रुवारी २०२२ ला बंदी आली, ‘फ्री फायर मॅक्स’ मात्र सुरू राहिला. त्यातली ‘ग्लू वॉल’ ही क्षणात उभी राहणारी भिंत मुळात बचावासाठी. पण सराईत खेळाडू एक भिंत टाकतो, तिच्याआडून पुढे सरकतो, दुसरी टाकतो आणि बघता बघता तुमच्या तोंडावर येतो.

यावर पहिली चूक म्हणजे भिंतीवर मॅगझिन रिकामं करणं. बंदूक भरायला घेतली की तो बाहेर येणार हे ठरलेलं. त्यापेक्षा लक्षात ठेवा : भिंतीआडचा माणूस बहुतेक वेळा डावीकडून नाही तर उजवीकडून बाहेर येतो. दोघे असाल तर एकेक बाजू वाटून घ्या. एकटे असाल तर स्वतःच सरकून कोन बदला, म्हणजे त्याची भिंत आडवीच राहते आणि तो उघडा पडतो. भिंतीवरून पलीकडे बॉम्ब टाकता येतो. ‘स्कायलर’सारख्या पात्राची क्षमता तर ग्लू वॉल फोडण्यासाठीच ओळखली जाते. ४ विरुद्ध ४ च्या ‘क्लॅश स्क्वॉड’मध्ये भिंती विकत घ्याव्या लागतात. म्हणून समोरच्याने किती भिंती खर्च केल्या याची मोजणी ठेवणारा एक जण संघात हवाच.

इतर खेळांत असं घडलं आहे का?

बचावाची साधनं हल्ल्यासाठी वापरणं ही युक्ती जुनी आहे. ‘स्टारक्राफ्ट’मध्ये तळाच्या रक्षणासाठी असलेल्या तोफा थेट शत्रूच्या तळात नेऊन उभारतात. सायबर कॅफेच्या पिढीने ‘एज ऑफ एम्पायर्स’मध्ये असाच ‘टॉवर रश’ अनुभवला असेल. दोन्हींवरचा उपाय एकच : लवकर टेहळणी आणि बांधकाम पूर्ण होण्याआधी ते करणाऱ्यावर हल्ला. बुरूज उभा राहिल्यावर डोकं आपटण्यात अर्थ नसतो.

कधी कधी खेळाडूंना तोड सापडत नाही आणि नियमच बदलावे लागतात. ‘ओव्हरवॉच’मध्ये ३ ‘टँक’ आणि ३ ‘सपोर्ट’ पात्रांचा चिवट संघ इतका वरचढ झाला, की २०१९ मध्ये प्रत्येक प्रकारची दोनच पात्रं घेण्याचं बंधन आलं. प्रो कबड्डीतही सलग दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसऱ्या चढाईत गुण आणावाच लागतो, नाही तर चढाईपटू बाद. बीजीएमआयचा आकसणारा झोन आणि बदललेला गुणतक्ता हेच काम करतात. नियम बदलला की चाल बदलते. म्हणून स्पर्धेत उतरण्याआधी गुणतक्ता वाचणं हा सरावाचाच भाग आहे.

जालन्यातल्या खेळाडूला याचा उपयोग काय?

बीजीएमआयच्या मुख्य स्पर्धेची, म्हणजे ‘बीजीआयएस’ची सुरुवातीची पात्रता फेरी खुली आणि ऑनलाइन असते. २०२१ च्या पहिल्या पर्वाची बक्षीस रक्कम १ कोटी रुपये होती. भोकरदन किंवा मंठ्यातल्या चौघांनाही तिथे मुंबई-पुण्याइतकाच दरवाजा उघडा असतो. पण अशा फेरीत मोजकेच सामने मिळतात. त्यातल्या दोन सामन्यांत बिनकामाचा रश मारला की खेळ खल्लास.

सरावालाही मर्यादा आहे. मे २०२३ मध्ये बीजीएमआय परतला तेव्हा १८ वर्षांखालच्यांसाठी दिवसाला ३ तास आणि इतरांसाठी ६ तास अशी वेळमर्यादा आली. एक सामना अर्ध्या तासाचा धरला तर अल्पवयीन खेळाडूला दिवसात फार तर ६ सामने. त्यामुळे रोज एक हरलेला सामना रेकॉर्ड करून चौघांनी मिळून पाहणं हे आणखी दोन सामने खेळण्यापेक्षा फायद्याचं. पाहताना एकच प्रश्न विचारायचा : पहिला गडी पडला, त्याच्या २० सेकंद आधी आपल्याला काय माहीत होतं?

जोनाथन अमरालसारख्या नामवंत खेळाडूंचे एकट्याने चौघांना लोळवणारे रील्स सगळ्यांच्या फोनवर असतात. पण रीलमध्ये शेवटचे दहा सेकंद दिसतात. त्याआधीची टेहळणी, धूर आणि साथीदारांनी दिलेली माहिती कापलेली असते. अनुकरण मात्र त्या दहा सेकंदांचंच होतं.

पालकांसाठी एक गोष्ट महत्त्वाची. ई-स्पोर्ट्सला केंद्राने डिसेंबर २०२२ मध्ये क्रीडा मंत्रालयाच्या कक्षेत आणलं. २२ ऑगस्ट २०२५ ला राष्ट्रपतींची मंजुरी मिळालेल्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने ई-स्पोर्ट्स आणि पैसे लावून खेळायचे खेळ यांत स्पष्ट रेषा ओढली. पैशांचे ऑनलाइन खेळ चालवणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद आणि १ कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. त्यामुळे व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर पैसे गोळा करून जिंकणाऱ्याला वाटणाऱ्या ‘कस्टम रूम’पासून मुलांनी लांबच राहावं. स्पर्धा अधिकृत आहे ना, हे आधी तपासावं.

थोडक्यात

समोरचा संघ घरात बसला आहे, एवढ्यावरून तो घाबरला आहे असं समजू नका. चौथा गडी कुठे आहे, झोन कुठे सरकणार आहे आणि या लढाईतून किती गुण मिळणार आहेत, या तीन प्रश्नांची उत्तरं चौघांकडे असतील तर रश मारा. नसतील तर पुढच्या वेळी ‘चल रश मारू’ म्हणणाऱ्या मित्राला थांबवा. तो सामना तिथेच वाचलेला असेल.