धनको गप्प का?

‘आज रोख, उद्या उधार’ ही पाटी पानाच्या टपरीवर शोभते. भोसरीच्या किंवा सातपूरच्या औद्योगिक वसाहतीत दोन लेथवर काम करणाऱ्या कारखानदाराने ती आपल्या दारावर लावून पाहावी. चार दिवसांत लेथ बंद ठेवायची वेळ येईल. आपल्याकडे छोट्याने मोठ्याला उधार द्यायचे असते. तेही बँकेकडून व्याजाने पैसे उचलून, आणि वर खरेदीदाराचे उपकार मानून.

मी बँकेत होतो तेव्हा उद्योजकांच्या येणे-बाकीच्या याद्या दर महिन्याला माझ्या टेबलावर येत. (कादंबऱ्या लिहिणाऱ्याला माणसे ओळखायला या याद्यांसारखे वाचन नाही.) नव्वद दिवसांपेक्षा जुनी बाकी आम्ही वगळून टाकत असू, कारण शिळ्या येण्यांवर बँक उचल देत नाही. म्हणजे खरेदीदाराने बिल अडवले की त्याच माणसाची बँकेतली उचलही कमी व्हायची. मार दोन्हीकडून. एका वयस्कर कारखानदाराच्या यादीत निम्म्या ओळी एकाच बड्या गिऱ्हाइकाच्या असत. मी एकदा म्हटले, ‘अहो, कायदा तुमच्या बाजूने आहे. व्याज मागा की.’ ते हसले. ‘साहेब, व्याज मिळेलही. पुढची ऑर्डर तुमची बँक देणार का?’ बँकेच्या कोणत्याही परिपत्रकात या प्रश्नाचे उत्तर नव्हते.

कायदा तेव्हाही होता. 1993 च्या कायद्याने थकलेल्या रकमेवर व्याजाचा हक्क दिला. पण वसुलीसाठी दिवाणी दावा लावायचा, म्हणजे मुलाच्या लग्नापर्यंत निकाल लागला तर नशीब. त्याची जागा 2006 च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायद्याने घेतली, आणि हा कायदा कागदावर तरी चांगलाच कडक आहे. करारात काहीही लिहिलेले असो, माल स्वीकारल्यापासून 45 दिवसांपलीकडे मुदत लांबवता येत नाही. करारच नसेल तर 15 दिवस. त्यापुढे बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढीने. बँक दर साडेसहा टक्के धरला तर दहा लाखांच्या बिलावर सहा महिन्यांत एक लाखाहून जास्त व्याज होते. तक्रार ‘सुविधा परिषदे’कडे करायची, आधी समेट, तो फिसकटला तर लवाद. तिचा निवाडा खरेदीदाराला कोर्टात रद्द करून घ्यायचा असेल तर 75 टक्के रक्कम आधी भरावी लागते. इतके संरक्षण आपल्या देशात फार थोड्या धनकोंना आहे.

मग गाडी अडते कुठे? पहिली अडचण ‘स्वीकारणे’ या शब्दात. माल गेटातून आत जातो, पण ‘अजून तपासणी व्हायची आहे’ असे तीन आठवडे ऐकू येते. वास्तविक 15 दिवसांत लेखी हरकत आली नाही तर माल पोचला त्याच दिवशी स्वीकारला, असे कायदाच म्हणतो. हे किती जणांना ठाऊक आहे? शिवाय बिलावरचा जीएसटी पुढच्या महिन्यात भरावाच लागतो; पैसे हातात आले की नाही, हे सरकार विचारत नाही.

पण खरी अडचण त्या म्हाताऱ्याने सांगितली तीच. कायदा तक्रारीवर चालतो आणि तक्रार करणे म्हणजे गिऱ्हाईक गमावणे. परिषदेकडे जातो तो बहुधा ज्याचे त्या खरेदीदाराशी संबंध आधीच तुटलेले असतात तोच. रिझर्व्ह बँकेच्या 2014 च्या मार्गदर्शक तत्त्वांवरून निघालेल्या ‘ट्रेड्स’ या बिलवटाव व्यवस्थेतही खरेदीदाराने बिल मान्य केल्याशिवाय पुढे काही हलत नाही. चावी पुन्हा त्याच्याच कमरेला!

2023 च्या वित्त कायद्याने एक वेगळा मार्ग धरला. मुदतीत पैसे दिले नाहीत तर तो खर्च ज्या वर्षी प्रत्यक्ष पैसे दिले त्याच वर्षी प्राप्तिकरात धरला जाईल, अशी तरतूद झाली. यात छोट्याला तोंड उघडावे लागत नाही, हे मला फार महत्त्वाचे वाटते. 2024 मध्ये ओरड झाली, की खरेदीदार आता नोंदणी नसलेल्यांकडे वळतील. भीती अगदीच खोटी नव्हती. पण तरतुदीची धार बोथट आहे ती दुसऱ्याच कारणाने: उशिरा का होईना, आर्थिक वर्ष संपण्याआधी पैसे दिले की करात काहीच बिघडत नाही. म्हणजे मार्चमध्ये धनादेश सुटतात आणि एप्रिलपासून ये रे माझ्या मागल्या.

माझे म्हणणे असे, की सरकारने छोट्याच्या तक्रारीची वाट पाहू नये. त्याला माहिती हवी असेल तर ती आधीच त्याच्या कपाटात आहे. 2019 पासून, सूक्ष्म व लघु उद्योगांचे पैसे 45 दिवसांहून जास्त थकवणाऱ्या कंपन्यांना दर सहामाहीला कंपनी निबंधकाकडे विवरणपत्र भरावे लागते: किती रक्कम, कधीपासून, आणि उशीर का. लेखापरीक्षित हिशेबातही हा आकडा दाखवणे 2006 पासून बंधनकारक आहे. ऋणको स्वतःच्या सहीने कबुली देतो आणि ती कबुली फाइलला लावली जाते, याला काय म्हणावे? ही विवरणपत्रे थेट सुविधा परिषदांकडे जावीत आणि परिषदेने स्वतःहून व्याजाची नोटीस काढावी, यासाठी कायद्यात दुरुस्ती करावी. ती सर्वांना एकदमच निघाली, तर कोणी तोंड उघडले हा प्रश्न उरणार नाही आणि एकट्यादुकट्यावर राग काढता येणार नाही. सुरुवात सरकारी मालकीच्या कंपन्यांपासून करावी. बिले थकवण्यात त्याही मागे नाहीत, आणि त्यांची विवरणपत्रे मागवायला मंत्रालयातून एक फोन पुरे.