होममेड म्हणे!

‘होममेड’ या शब्दाइतका बेरकी शब्द गेल्या काही वर्षांत मराठी घरांत दुसरा शिरलेला नाही. ‘घरगुती’ हा आपला जुना शब्द बिचारा भोळा होता. खानावळीच्या पाटीवर असे, पापडाच्या पुड्यावर असे आणि त्याचा अर्थ फार तर एवढाच, की मीठ कमीजास्त झालं तर कुरकुर करू नका. होममेडचं तसं नाही. तो सोनेरी कागद, जाळीची पिशवी आणि लाल रिबीन असा लवाजमा घेऊन येतो, आणि बारा नगांचे तीनशे रुपये मोजून घेऊन जातो. एवढं करून हे ‘होम’ म्हणजे नेमकं कुणाचं आणि त्यात ‘मेड’ नेमकं काय झालं, हे विचारायची सोय नाही. विचारलं तर आपण खडूस ठरतो. मी निवृत्त हिशेबनीस आहे, तेव्हा खडूस ठरायला मला नव्याने काही करावं लागत नाही. म्हणून विचारतो.

ही होममेड चॉकलेटं कशी होतात ते मी माझ्या डोळ्यांनी पाहिलेलं आहे. आमची धाकटी मेहुणी गणपतीनंतर आठ दिवस राहायला पुण्याहून पोफळीला आली आणि एका दुपारी तिने कॉलनीतल्या बायकांसाठी ‘पीनट बटर चॉकलेट’चा वर्ग घेतला. वर्ग आमच्याच स्वयंपाकघरात, कारण मोठा फ्रीज आमच्याकडे. पुरुषांना मज्जाव होता, पण फ्रीज सरकवायला, गॅसचा सिलिंडर बदलायला आणि उंच फळीवरचं पातेलं काढायला कुणीतरी लागतंच, त्यामुळे सबंध वर्ग मला बसल्या जागी घडला.

तर कृती अशी. बाजारातून एक तपकिरी वीट आणायची. तिला कंपाऊंड म्हणतात. (हा शब्द मी आजवर कुंपणासाठी आणि इस्पितळातल्या मदतनिसासाठीच ऐकला होता.) विटेचे सुरीने तुकडे करायचे, उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर वाडगं धरून ते वितळवायचे, साच्यात ओतायचे. मध्ये बाटलीतलं पीनट बटर चमचाभर घालायचं, वर पुन्हा वितळलेली वीट, आणि साचा फ्रीजमध्ये. वीस मिनिटांनी साचा उलटा करून ठोकला की वहिनीमंडळी ‘अय्या!’ म्हणतात. संपलं. यात घराने काय केलं? गॅस दिला आणि फ्रीज दिला. खादी भांडारातून सदरा आणून घरी इस्त्री केली, तर तो आपण घरी विणला असं म्हणायची माझी तरी छाती होणार नाही.

आणि हे व्हावं कुठे, तर पोफळीत! कोयनेचं पाणी सह्याद्रीच्या पलीकडे शिवसागरात अडवलेलं. ते बोगद्यातून डोंगर ओलांडतं, आमच्या बाजूला खोल उतरतं आणि डोंगराच्या पोटात कोरलेल्या वीजघरातली चक्रं फिरवतं. पहिला संच १९६२ साली सुरू झाला. पहिल्या दोन टप्प्यांचे मिळून ८ संच आमच्या इथे आहेत. या गावात तीन पिढ्यांनी ‘करणं’ म्हणजे काय ते पाहिलेलं आहे. आता समजा, मुंबईत एखाद्याने भिंतीवरचं बटण दाबलं आणि दिवा लागल्यावर मिशीवर पीळ देत म्हणाला, “मी वीज केली,” तर आमच्या वीजघरातला साधा हेल्परसुद्धा त्याला कुंभार्ली घाट पायी चढायला लावील. पण तीच गोष्ट विटेची झाली की आपण टाळ्या वाजवतो.

आमच्या शेजारच्या मास्तरांनाही ही चॉकलेटं मान्य नाहीत, पण त्यांचं कारण निराळं. मास्तर म्हणतात, हे परकीय आहे. दाण्याचा लाडू आपला, चॉकलेट साहेबाचं. या बाबतीत मी मास्तरांच्या पंगतीला बसायला तयार नाही. भुईमूग हा मूळचा दक्षिण अमेरिकेतला, आणि कोकोचं झाडही त्याच खंडातलं. मिरची, बटाटा, रताळं, ज्याच्या कंदापासून आपला साबुदाणा होतो तो टॅपिओका, आणि ज्याच्या जिवावर आम्ही कोकणी माणसं एवढा तोरा मिरवतो तो काजूसुद्धा, सगळी तिकडचीच मंडळी. मास्तरांचं एकादशीचं ताट अमेरिकेहून आलेलं आहे आणि ते त्यांना व्यवस्थित पचतं. तेव्हा दाणा आणि कोको यांचं लग्न लागलं तर ते एका गावच्या स्थळांचं लग्न झालं. मी त्यात मोडता घालणारा नव्हे. माझी तक्रार मांडवात कोण राबलं आणि आहेर कोण घेऊन गेलं, याबद्दल आहे.

पीनट बटर हे काही बाटलीत जन्माला आलेलं नाही. १८८४ साली माँट्रिअलच्या मार्सेलस एडसन नावाच्या गृहस्थाने भाजलेले दाणे गरम पृष्ठभागांमध्ये दळून त्याचा लगदा करण्याचं पेटंट घेतलं. लगदा फार सैल होतो म्हणून त्यात साखर मिसळून तो घट्ट करायचा, हेही त्याने लिहून ठेवलं. दाणे भाजून, दळून त्यात गोड घालायचं! आमच्या आजीला पेटंट कचेरीचा पत्ता ठाऊक नव्हता, एवढाच काय तो फरक.

हे मी वर्गात सांगितलं. मेहुणी शिकलेली आहे, तीही तयारीनिशी आली होती. म्हणाली, “भाऊजी, मग रीझचं काय?” हॅरी रीझ हा पेनसिल्व्हेनियातला माणूस. हर्शीच्या चॉकलेट कंपनीच्या गोठ्यांवर नोकरीला होता. सोळा मुलं झाली. पगार पुरेना, म्हणून घराच्या तळघरात गोळ्या-मिठाया करून विकू लागला. १९२८ साली त्याने चॉकलेटच्या वाटीत पीनट बटर भरलं आणि ती वाटी जगभर गेली. “आणि वरचं चॉकलेट,” मेहुणी म्हणाली, “तो हर्शीकडूनच विकत घ्यायचा! मग त्याचं चालतं आणि आमचं का नाही?”

बायका माझ्याकडे बघू लागल्या. मी म्हटलं, “अगदी बरोबर. चॉकलेट त्याने विकत घेतलं. पण आतलं सारण?” वर्ग गप्प. सारण त्याने स्वतः केलं आणि लोक ते सारणासाठी खाल्लं गेले. तुम्ही वीटही विकत घेता आणि सारणही विकत घेता. मग तुमचं काय? साचा? तोही चीनहून आलेला!

तिकडे अमेरिकेत तर या शब्दांचा केवढा काथ्याकूट! ज्याला पीनट बटर म्हणायचं त्यात दाणे किती असले पाहिजेत, यावर १९५९ पासून सरकार आणि कारखानदार यांच्यात वाद जुंपला. सरकार म्हणे शेकडा ९०, कारखानदार म्हणत ८७. या तीन टक्क्यांसाठी सुनावण्या झाल्या, साक्षी झाल्या, कागदांचे ढीग लागले आणि जवळजवळ बारा वर्षांनी ९० टक्के कायम झाले. आपल्याला हसू येतं. पण मी हिशेबनीस आहे, मला त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही. बरणीवर दाणे लिहिलं तर आत दाणे हवेत. होममेड लिहिलं तर आत थोडं तरी होम नको?

बरं, ती वीट चॉकलेटची असती तरी मी एक पायरी खाली उतरलो असतो. विटेच्या वेष्टनावर बारीक अक्षरं असतात. चष्मा लावून वाचा. साखर, वनस्पतिजन्य स्निग्ध पदार्थ आणि मग कोको पावडर. खऱ्या चॉकलेटात कोकोचं स्वतःचं लोणी असतं. ते महाग आणि भारी लहरी. साधारण ३४ अंशांना वितळतं, म्हणून तर ते तोंडात टाकताच विरघळतं. पण ते ठरावीक तापमानाला तापवून, निववून, पुन्हा किंचित तापवून बसवावं लागतं, नाहीतर पांढरे डाग पडतात आणि तोडताना कट् असा आवाज येत नाही. कंपाऊंडात त्या लोण्याच्या जागी दुसरीच स्वस्त वनस्पतिजन्य चरबी असते, म्हणून ते कुणीही, कसंही वितळवलं तरी मुकाट्याने घट्ट होतं. आमच्या मे महिन्यात खरं चॉकलेट टिकवणं कठीण, हे मला मान्य आहे. कंपाऊंड वापरा, माझी ना नाही. पण मग त्याला चॉकलेट म्हणू नका आणि घरी केलं तर मुळीच म्हणू नका. डालड्याला कुणी साजूक म्हटलं असतं, तर आमच्या आईने त्याला ओटीवरूनच परत धाडलं असतं.

आता मुद्द्याचं सांगतो. आमच्या आळीत एक काकू आहेत. त्या दाण्याचे लाडू करून विकतात. दाणे मंद आचेवर भाजायचे, मोठ्या आचेवर नव्हे, कारण साल करपतं आणि आत दाणा कच्चा राहतो. गार झाले की हाताने चोळून सुपात पाखडायचे. कूट करायचा, तोही पीठ होईपर्यंत नाही. गूळ चिरून, वेलची घालून मळायचं, दाण्याचं तेल सुटेपर्यंत मळायचं, आणि वळायचं. वर तुपाचा थेंब नाही; दाण्यात जवळजवळ निम्मं तेलच असतं, ते काकूंच्या तळहाताला माहीत आहे. पावशेराचा पुडा एकशेवीस रुपयांना. आणि ज्या वहिनीने मेहुणीच्या वर्गाचे दोनशे रुपये आणि डब्याचे तीनशे रुपये हूं की चूं न करता मोजले, तीच वहिनी काकूंच्या दारात उभी राहून म्हणते, “काकू, शंभर करा की. त्यात काय आहे? दाणे आणि गूळ!”

त्यात काय आहे! विटेत काय आहे हे तिने विचारलं नाही. ज्या कामात अक्कल, डोळा आणि दोन हात लागतात, त्याला ‘त्यात काय’ आणि ज्यात फक्त रिबीन लागते त्याला ‘अय्या’! मला राग येतो तो इथे. काकूंनी त्या दिवशी शंभर रुपये घेतले, काही बोलल्या नाहीत. त्यांना बोलता येत नाही असं कुणी समजू नये. पोफळीत बोलता न येणारी बाई अजून जन्मायची आहे. पण गिऱ्हाईक तुटेल याची त्यांना धास्ती.

म्हणून मी वर्गातच प्रात्यक्षिक मागितलं. “बाटली ठेवा बाजूला,” म्हटलं. “आमच्या घरी दाण्याचा कूट आहे ना? तो मिक्सरमध्ये पुढे फिरवत राहा.” आमची ही पुढे झाली. कूट आधी भुरभुरीत होता. मग त्याचा गोळा झाला, भांड्याला चिकटला, आणि मिक्सर तापून कण्हायला लागला. वहिनी म्हणाल्या, “बिघडलं.” हिने मिक्सर थांबवला, कडा खरवडल्या, जरा गार होऊ दिला, पुन्हा फिरवला. पाच-सात मिनिटांनी तेल सुटलं आणि गोळ्याची लोण्यासारखी मऊ, चकचकीत चटणी झाली. हेच ते पीनट बटर. चिमूटभर मीठ, थोडा किसलेला गूळ, दोन चमचे कोको पावडर घालून हिने त्याच्या गोळ्या वळल्या. वीट नाही, साचा नाही. दिसायला बकरीच्या लेंड्यांसारख्या होत्या हे मी लपवत नाही. पण ताट पाच मिनिटांत रिकामं झालं आणि साच्यातली फुलं-पानं फ्रीजबाहेर घाम गाळत बसली.

आणि कोकोचं म्हणाल, तर आमच्या गावाच्या नावातच त्याची सोय आहे. पोफळीच्या सावलीत कोको छान येतो. खाली दक्षिण कन्नडात सुपारीच्या बागांत तो आंतरपीक म्हणून लावतात. तिथल्या बागायतदारांनी १९७३ साली कॅम्पको ही सहकारी संस्था काढली आणि १९८६ पासून पुत्तूरला स्वतःचा चॉकलेटचा कारखाना चालवला. कोकोच्या बिया आंबवा, वाळवा, भाजा, सोला आणि तासन्‌तास दळा, की चॉकलेट. आणि दळायला काय लागतं? दगडी रगडा. अमेरिकेत जे हौशी लोक बियांपासून चॉकलेट करतात, त्यांच्यातले कितीतरी जण त्यासाठी आपल्याकडचा इडलीच्या पिठाचा विजेचा रगडा नेऊन वापरतात! म्हणजे ते आपला रगडा फिरवतायत आणि आपण त्यांच्या बाटलीचं झाकण.

मेहुणी जाताना म्हणाली, “भाऊजी, मग डब्यावर मी लिहू तरी काय?” मी म्हटलं, “घरी वितळवलेले.” तिला ते विक्रीच्या दृष्टीने बरं वाटलं नाही. पण पुण्याला गेल्यावर तिने सारण घरी करायला सुरुवात केली आहे, आणि मिक्सर दुसऱ्यांदा दुरुस्तीला टाकला आहे, असं हिला फोनवर कळलं.

काकूंच्या लाडवांसाठी मी माझ्या अक्षरात पाटी लिहून दिली आहे. भाव पावशेराला दीडशे. घासाघीस केल्यास एकशेसाठ. मागणी दोन दिवस आधी नोंदवावी, डबा घरून आणावा, रिबीन मिळणार नाही.