गड, गडकरी आणि रेडमंडची टेकडी

दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात अंगणात मातीचा किल्ला उभा राहिला नाही, तर मराठी घरातील मुलांस दिवाळी आली असे वाटत नाही. महाराष्ट्रापासून हजारो मैल दूर, वॉशिंग्टन राज्यातील रेडमंड नगरीतही काही घरांनी हा परिपाठ निष्ठेने जपला आहे. तेथे त्या दिवसांत पावसाची झड लागलेली असते आणि अंगणातल्या मातीचा चिखल झालेला असतो. म्हणून कोणी मोटारीच्या खोलीत, कोणी व्हरांड्यात, खोक्यांवर गोणपाट टाकून त्यावर चिखल लिंपतो आणि अळीव पेरून डोंगर हिरवा करतो. माथ्यावर सिंहासनस्थ शिवाजी महाराज, उतारावर मावळे, बुरुजावर तोफा आणि पायथ्याच्या रानात वाघ अशी मांडणी होते.

या सुंदर देखाव्यात गडाचा सबनीस मात्र कोठेही आढळत नाही. धान्याचे अंबारखाने नसतात, पाण्याची टाकी बहुधा शोभेपुरती असते आणि दरवाज्याच्या किल्ल्या रात्री कोणाजवळ असतात ही शंका मुलांच्या मनास शिवतही नाही. मुलांच्या खेळात ही उणीव राहिली तर ती सहज क्षम्य आहे. परंतु तीच उणीव मोठ्यांच्या व्याख्यानांत, पोवाड्यांत आणि उत्सवांतील देखाव्यांतही दिसते, तेव्हा तिचा विचार करणे प्राप्त होते. मराठी मनाने गडावर लढून मेलेल्यांचे स्मरण ठेवले. गड चालविणाऱ्यांचे ठेवले नाही.

वस्तुतः शिवकालीन गड म्हणजे केवळ दुर्गम डोंगर आणि त्यावरील तट नव्हे. ती एक काटेकोर राज्यसंस्था होती. जिंजीस राजाराम महाराजांच्या आश्रयाने सतराव्या शतकाच्या अखेरीस कृष्णाजी अनंत सभासद याने जी बखर लिहिली, तीत या व्यवस्थेचे वर्णन आले आहे. प्रत्येक गडावर हवालदार, सबनीस आणि सरनोबत हे तीन अधिकारी एका प्रतीचे असत आणि तिघांनी मिळून कारभार करावा असा नियम असे. दरवाज्याच्या कुलुपांची जबाबदारी हवालदाराची, हजेरी आणि दप्तर सबनिसाचे, शिबंदी सरनोबताची आणि कोठारांचा हिशेब कारखानिसाचा. हे अधिकारी भिन्न ज्ञातींचे असावेत हाही दंडक होता. आजच्या वाचकास ज्ञातीचा हा विचार खटकेल, आणि खटकणे योग्यच आहे. तथापि त्यामागील हेतू ध्यानी घेतला पाहिजे. एकाच्या मनात आले म्हणून गड शत्रूच्या हाती जाऊ नये; फितुरी करावयाची तर तिघाचौघांनी एकत्र यावे लागावे आणि ते सुलभ असू नये, असा तो हेतू होता. शूर माणूस निवडून त्याच्यावर सारा भार टाकण्याइतका तो राजा भाबडा नव्हता. त्याने शूर माणूस निवडला आणि त्याच्या शेजारी दौत-लेखणी घेतलेला दुसरा माणूस बसविला.

रामचंद्रपंत अमात्य यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे १७१५ च्या सुमारास, हीच दृष्टी अधिक बारकाईने प्रकट झाली आहे. त्यातील दुर्गप्रकरण वाचताना वीररसाच्या अपेक्षेने आलेला वाचक गोंधळून जाईल, कारण तेथे केरकचऱ्याचा विचार आहे. गडावरचा केर खाली न टाकता जागोजागी जाळावा आणि त्याची राख परसात घालून भाज्या कराव्यात, असे तो मुत्सद्दी सांगतो. तोफांच्या दणक्याने खडकातील झरे क्षीण होतात, म्हणून एका पाण्यावर विसंबून राहू नये, असे बजावतो. दारूखाना वस्तीपासून दूर असावा, गडावरील अधिकारी एकाच जागी मुरू नयेत, काही वर्षांच्या अंतराने त्यांच्या बदल्या व्हाव्यात, अशा आज्ञा तो देतो. ज्याने उभी हयात औरंगजेबाशी झुंजण्यात घालविली, त्यास गडाच्या संरक्षणाची चर्चा करताना प्रथम केर आणि पाणी सुचावे, यातच सारे आले.

हिरकणीची कथा सर्वांस ठाऊक आहे. संध्याकाळी रायगडाचे दरवाजे मिटले, घरी तान्हे मूल, म्हणून ती गवळण कडा उतरून गेली आणि तिच्या नावाने बुरुज बांधला गेला. ती कथा दंतकथा असेल. परंतु तीत आणखी एक मनुष्य आहे, ज्याची आठवण कोणी काढीत नाही. आईचा टाहो ऐकूनही ज्याने दरवाजा उघडला नाही, तो पहारेकरी. कथेत तो निष्ठुर ठरतो. पण त्याने दरवाजा उघडला असता तर उद्या दुसरा कोणी दुसऱ्या निमित्ताने तो उघडून घेता, हे त्यास कळत होते. महाराजांनी हिरकणीचा गौरव केला असे कथा सांगते. त्या पहारेकऱ्यास दंड केल्याचे मात्र कोणी सांगत नाही.

गडकऱ्यांच्या शौर्याची महती यामुळे उणावत नाही. १६६० साली चाकणच्या भुईकोटात फिरंगोजी नरसाळा शाएस्तेखानाच्या प्रचंड सैन्यापुढे सुमारे दोन महिने टिकला. १६६५ साली पुरंदरावर मुरारबाजी देशपांडे दिलेरखानाने देऊ केलेला कौल झिडकारून धारातीर्थी पडला. रामसेजचा लहानसा गड १६८२ पासून मोगलांस कित्येक वर्षे दाद देत नव्हता. आणि तो इतक्या हिकमतीने झुंजविणाऱ्या किल्लेदाराच्या नावाविषयी मात्र आजही एकमत नाही! परंतु याच काळात असेही गडकरी झाले, ज्यांच्याविषयी निवाडा करणे सोपे नाही. १६९९ ते १७०५ या वर्षांत औरंगजेब स्वतः एकामागून एक गडांस वेढे घालीत हिंडला. साताऱ्याचा गड प्रयागजी प्रभूने महिनोन्‌महिने झुंजविला. पण विशाळगड आणि सिंहगड यांसारखे बळकट गड अखेरीस द्रव्य घेऊन मोकळे करून देण्यात आले. तोरणा तेवढा तलवारीने घेतल्याचे बादशहास समाधान मिळाले.

शाळेतील पुस्तकाच्या न्यायाने द्रव्य घेऊन गड सोडणारा तो फितूर. पण पावसाळा तोंडावर येईपर्यंत वेढा रखडवावयाचा, मग बादशहाचेच द्रव्य घेऊन शिबंदीसह सुखरूप बाहेर पडावयाचे आणि त्याची फौज चिखलात रुतली की तोच गड पुन्हा घ्यावयाचा, हा ताराबाईंच्या काळातील राजनीतीचा एक भागच होता. १७०२ च्या पावसात विशाळगडाहून पन्हाळ्याकडे परतणाऱ्या मोगल सैन्यास तेवढा थोडा टापू ओलांडण्यास महिन्याहून अधिक काळ लागला आणि त्यात माणसांची व जनावरांची अपरिमित हानी झाली. गेलेले गड मराठ्यांनी थोड्याच काळात बहुतांशी परत मिळविले. मरण पत्करणारा मुरारबाजी आणि माणसे वाचवून गड सोडणारा गडकरी, यांपैकी एकालाच वंदन करून दुसऱ्याचा धिक्कार करणे हे इतिहासाचे अर्धवट वाचन होय. गड सोडावा की न सोडावा हा निर्णय एकट्याच्या लोभाचा होता की राज्याच्या धोरणाचा, हा खरा प्रश्न आहे. आणि त्याचे उत्तर सबनिसाच्या दप्तरात सापडते, पोवाड्यात नव्हे.

हे सारे रेडमंडच्या रहिवाशांस विशेष करून सांगण्याचे कारण त्यांच्या दारातच आहे. येथील एज्युकेशन हिल या टेकडीवर दाट झाडीचे एक सार्वजनिक उद्यान आहे. त्याचे नाव ‘नाइकी पार्क’. तेथे झोके घेणाऱ्या मुलांस ते नाव पादत्राणांच्या विख्यात कंपनीचे वाटले तर नवल नाही. प्रत्यक्षात नाइकी हे ग्रीक विजयदेवतेचे नाव असून, अमेरिकेच्या भूसेनेने आपल्या विमानवेधी क्षेपणास्त्रांस ते दिले होते. बोईंगचे विमानांचे कारखाने आणि ब्रेमर्टनची नौदलाची गोदी यांच्या रक्षणासाठी सिअॅटलभोवती अशा दहा-अकरा तळांचे कडे उभारण्यात आले. रेडमंड त्यांपैकी एक. मायक्रोसॉफ्टचे मुख्यालय या गावी १९८६ साली आले; त्यापूर्वी १९५७ पासून १९७४ पर्यंत या गावाच्या माथ्यावर क्षेपणास्त्रांचा गड होता.

त्याची रचना पाहिली तर जुन्या दुर्गशास्त्राची आठवण व्हावी. प्रत्येक तळाचे दोन भाग असत : उंचवट्यावर रडारचे ठाणे आणि तेथून किमान हजार यार्ड अंतरावर क्षेपणास्त्रांचे आगर. क्षेपणास्त्रे जमिनीखालील तळघरांत आडवी ठेवलेली असत आणि प्रसंगी लिफ्टने वर आणली जात. प्रारंभीच्या ‘एजॅक्स’चा पल्ला सुमारे २५ मैल होता, १९५८ पासून आलेल्या ‘हर्क्युलीस’चा ७५ मैलांहून अधिक होता आणि तिच्या अग्रावर अण्वस्त्र बसविता येत असे. अशा तळाचा प्रमुख बहुधा कॅप्टन हुद्द्याचा एक तरुण अधिकारी असे. त्याच्या स्वाधीन जे अस्त्र होते, तसे कोणाही किल्लेदाराच्या स्वप्नातही आले नसते. आणि त्याच्या हाती जो अधिकार होता, तो मात्र किल्लेदाराहूनही तोकडा होता. अण्वस्त्राजवळ कोणीही एकटे जावयाचे नाही, दोघांनी मिळूनच जावयाचे आणि प्रत्येकाने दुसऱ्यावर नजर ठेवावयाची, हा नियम. त्याच्या वापराची अनुज्ञा राष्ट्राध्यक्षांपासून निघालेल्या साखळीतूनच यावयाची. सभासदाने वर्णिलेली तिघांची जोखीम आणि ही दोघांची जोखीम यांत काळाचे अंतर पुष्कळ असेल. मनुष्यस्वभावाचे ज्ञान एकच आहे.

येथे कोणी आक्षेप घेईल की, स्वराज्याचे गड प्रजेच्या रक्षणाचे होते, आणि एका क्षणात शहर भस्म करणाऱ्या अस्त्राच्या कोठाराशी त्यांची तुलना करणे हा त्या पवित्र वास्तूंचा उपमर्द आहे. आक्षेपात भावना आहे, पण विचार नाही. दारूचे कोठार कोणाचेही असो, ते प्रथम आपल्याच माणसांच्या उशाशी असते. २२ मे १९५८ रोजी न्यू जर्सीतील मिडलटाउनच्या नाइकी तळावर क्षेपणास्त्रांवर काम चालू असता स्फोट झाला आणि दहा माणसे प्राणांस मुकली. शत्रूचे एकही विमान आले नव्हते. दारूखाना वस्तीपासून दूर ठेवा, हे अमात्यांचे सांगणे तेथे कोणाला ठाऊक असण्याचे कारण नव्हते. परंतु ते सांगणे का होते, हे त्या दिवशी कळून आले.

तळ उभारण्यास जमीन लागते, आणि ती कोणाची तरी असते. याविषयी आज्ञापत्र जहाजांच्या लाकडाच्या निमित्ताने बोलते : आंबा-फणसाची झाडे रयतेने लेकरांप्रमाणे वाढविलेली असतात, ती बळाने तोडू नयेत, फारच जीर्ण झाड असेल तर धन्यास राजी करून आणि मोल देऊन न्यावे. रेडमंडच्या दक्षिणेस, टॅकोमाजवळ, १९१७ साली कॅम्प लुईस स्थापन झाला, तेव्हा पिअर्स परगण्याच्या नागरिकांनी मतदान करून, कर्ज उभारून, सुमारे ७० हजार एकर जमीन सरकारास अर्पण केली. त्यांच्या औदार्याचे गोडवे गायिले जातात. त्याच तळासाठी निस्क्वाली या मूळ रहिवासी जमातीच्या राखीव भूमीतील सुमारे ३३०० एकर सक्तीने घेण्यात आले, याचा उच्चार क्वचित होतो. सिअॅटलचे फोर्ट लॉटन सैन्यास नकोसे झाले तेव्हा मात्र ८ मार्च १९७० रोजी बर्नी व्हाइटबेअर यांच्या नेतृत्वाखाली मूळ रहिवाशांनी त्याच्या कुंपणावरून आत शिरून आपला हक्क सांगितला. दीर्घ वाटाघाटींनंतर त्या भूमीचा काही भाग त्यांस मिळाला आणि तेथे १९७७ साली त्यांचे ‘डेब्रेक स्टार’ हे सांस्कृतिक केंद्र उघडले. उरलेल्या भूमीचे ‘डिस्कव्हरी पार्क’ झाले.

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने रायगड, राजगड, साल्हेर, सिंधुदुर्ग यांच्यासह बारा मराठा दुर्गांस जागतिक वारशाच्या सूचीत स्थान दिले. तमिळनाडूतील जिंजीही त्यांत आहे. मराठी माणूस जेथे असेल तेथे त्याची मान उंचावली. या सन्मानात दगडांच्या तटाइतकाच त्या तटामागील शहाणपणाचाही वाटा आहे, हे परदेशी वाढणाऱ्या मुलांस उमगावयाचे तर त्यासाठी विमानाचे तिकीट काढण्याची आवश्यकता नाही. रेडमंडच्या तळावरून शत्रूवर एकही क्षेपणास्त्र सुटले नाही. सतरा वर्षे तेथील माणसांनी यंत्रे पुसली, हजेऱ्या घेतल्या, कुलुपे तपासली आणि नोंदी केल्या. या कामावर कोणी पोवाडा रचणार नाही. आणि तरीही सिअॅटलचे नागरिक त्या सतरा वर्षांत रात्री झोपत होते.

यंदाच्या दिवाळीत मातीचा किल्ला झाला की एखाद्या आजोबांनी नातवंडांस घेऊन पाऊस उघडताच त्या टेकडीवरील उद्यानात जावे. परतल्यावर किल्ल्याच्या दरवाज्याशी एक लहानसे चित्र वाढवावे : मांडी घालून बसलेला, पुढ्यात दप्तर उघडलेला सबनीस. वाघ थोडा बाजूस सरकविला तर त्याला जागा होईल.