पंचनामा फाइलच्या नावातच आहे

शुक्रवारी लागलेला सिनेमा शनिवारी मोबाइलवर आला तर आता कुणाला नवल वाटत नाही. पण ती फाइल ज्या नावाने फिरते, ते नाव आपण कधी नीट वाचतो का?

१. ते नाव म्हणजे अक्षरांची खिचडी नव्हे. आधी सिनेमाचं नाव, मग साल, चित्राचा दर्जा, प्रत कुठून काढली, कोडेक (चित्र दाबून साठवण्याची पद्धत) आणि आडव्या रेघेनंतर टोळीचं नाव. शब्दांच्या मध्ये ठिपके. 'सीन' म्हणवणाऱ्या छुप्या टोळ्यांनी हे नियम लेखी केले, आणि ते मोडणारी फाइल त्या आपसांतच 'न्यूक' म्हणून बाद ठरवतात. चोर इतके काटेकोर, आणि राखणदार?

२. यातला कळीचा शब्द प्रत कुठून आली ते सांगणारा. 'कॅम' म्हणजे थिएटरात कॅमेरा लपवून केलेलं चित्रण. 'टेलिसिंक' म्हणजे चित्र कॅमेऱ्याचं, पण आवाज थेट थिएटरच्या यंत्रणेतून घेतलेला. असं काम आतल्या माणसाच्या मदतीशिवाय सहसा जमेल का? 'स्क्रीनर' ही समीक्षक, पुरस्कार समित्या यांना दिलेली प्रत, तर 'वेब-डीएल' ओटीटीवरून उचललेली. २०१६ मध्ये 'उडता पंजाब' प्रदर्शनाच्या दोन दिवस आधी फुटला, तेव्हा पडद्यावर सेन्सॉरच्या प्रतीची खूण होती. २००९ मध्ये 'वुल्व्हरिन' या हॉलिवूडपटाची कच्ची, इफेक्ट्स अर्धवट असलेली प्रत प्रदर्शनाच्या महिनाभर आधी बाहेर आली. तिकीट काढणाऱ्या प्रेक्षकाच्या हाती या प्रती येतातच कशा? इथे दार आतूनच उघडलं गेलं.

३. कायदा नाही, ही सबब चालणार नाही. महाराष्ट्राने २००९ मध्येच व्हिडिओ पायरसी करणाऱ्यांना एमपीडीए या प्रतिबंधक स्थानबद्धतेच्या कायद्याखाली आणलं. २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्तीने तीन महिने ते तीन वर्षं कैद ठेवली, आणि दंड तीन लाखांपासून निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत. डिजिटल सिनेमाच्या प्रक्षेपणात अदृश्य खूण असते. प्रत कुठल्या थिएटरात, कधी चित्रित झाली ते तिच्यावरून काढता येतं. तरी कारवाईची धाव बहुतेकदा साइट ब्लॉक करण्यापर्यंतच, आणि तीच साइट नव्या पत्त्यावर पुन्हा हजर! माग काढण्याचं साधन हाताशी असताना माग न काढणं हे गुन्हेगाराला दिलेलं अभयच आहे.

४. फुटलेली प्रत मराठी सिनेमाला परवडणारी नाही. त्याला मुळात शो मोजके, तेही अडनिड्या वेळेचे. पहिल्या आठवड्यात प्रेक्षक फिरकला नाही की सिनेमा उतरलाच. जवळपास थिएटर नाही आणि सिनेमा ओटीटीवरही येत नाही, ही तालुक्याच्या गावातल्या प्रेक्षकाची तक्रार रास्त आहे आणि तिचं उत्तर निर्मात्यांनी द्यायला हवं. पण मल्टिप्लेक्सपासून दहा मिनिटांवर राहून टेलिग्रामवर लिंक मागणाऱ्याला ही सबब वापरता येणार नाही.

५. म्हणून मागणी साधी आहे. फुटलेल्या प्रत्येक सिनेमाची प्रत कुठून गेली, थिएटरातून, लॅबमधून की कार्यालयातून, हे निर्मात्यांच्या आणि थिएटरमालकांच्या संघटनांनी जाहीर करावं. आणि आपण? पुढच्या वेळी ग्रुपवर अशी फाइल आली तर ती पुढे ढकलू नका. पाठवणाऱ्याला त्याच ग्रुपवर, सगळ्यांसमोर विचारा : ही कुठून आणलीस?