रक्त कमी आहे, पण कशामुळे?

जालना जिल्ह्याच्या अंबड, घनसावंगी, परतूर वा मंठा तालुक्यातील एखाद्या प्राथमिक आरोग्य केंद्राच्या ओट्यावर तपासणीसाठी बसलेल्या स्त्रियांना त्यांच्या प्रकृतीविषयी विचारले, तर बहुतेकींकडून एकच वाक्य ऐकावयास मिळते : “रक्त कमी आहे म्हणले.” या निदानामागोमाग लोहाच्या लाल गोळ्या हाती पडतात, दप्तरी नोंद होते, आणि रक्त कोणत्या कारणाने कमी झाले या प्रश्नाचा तपास तेथेच थांबतो. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१५-१६ च्या फेरीत महाराष्ट्रातील पंधरा ते एकोणपन्नास वर्षे वयाच्या ४८ टक्के स्त्रियांना रक्तक्षय होता. २०१९-२१ च्या फेरीत हे प्रमाण ५४.२ टक्क्यांवर गेले. गोळ्यांचे वाटप चालू असताना आकडा चढावा, याची कारणे अनेक असतील; परंतु बोटाच्या टोकातून काढलेल्या थेंबाने हिमोग्लोबिनचा जो एक आकडा मिळतो, त्यावरच सारा कारभार चालविणे हे त्यांपैकी एक आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

मनुष्याच्या शरीरात लोह असते जेमतेम तीन ते चार ग्रॅम. त्यातील सुमारे दोनतृतीयांश तांबड्या पेशींच्या हिमोग्लोबिनमध्ये गुंतलेले असते, आणि उरलेल्यातील बराच भाग यकृत, प्लीहा व अस्थिमज्जा यांत फेरिटिन नामक प्रथिनाच्या आश्रयाने साठविलेला असतो. आवक घटली अथवा मासिक पाळीत रक्तस्राव वाढला, की शरीर प्रथम या साठ्याला हात घालते आणि हिमोग्लोबिनला शक्य तोवर झळ लागू देत नाही. कणगीतील ज्वारी तळाला गेली तरी त्या दिवशीच्या दुरडीत भाकरी असतेच. आणि दुरडी पाहून त्या घराची वर्षाची बेगमी अजमावणारा पाहुणा जसा फसतो, तसाच केवळ हिमोग्लोबिन पाहून लोहाचा अंदाज बांधणारा फसतो. जिना चढताना दम लागतो, केस गळतात, भाजलेली माती किंवा पाटीवरची पेन्सिल खावीशी वाटते, असे सांगणाऱ्या स्त्रीचे हिमोग्लोबिन बारा ग्रॅम भरले, तर कागदोपत्री ती निरोगी ठरते. तिची कणगी मात्र कोणी उघडून पाहिलेली नसते.

ती उघडून पाहण्याची सोय, म्हणजे रक्तातील फेरिटिन मोजण्याची पद्धत, १९७२ पासून उपलब्ध आहे. प्रौढ व्यक्तीचे फेरिटिन लिटरमागे १५ मायक्रोग्रॅमहून कमी असेल तर लोहाचा साठा संपला असे समजावे, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये सांगितले. अनेक डॉक्टर तर तीसच्या खालीच सावध होतात. कित्येक प्रयोगशाळांच्या कागदावर छापलेली खालची मर्यादा याहून कमी असते, म्हणून आकड्यापुढे खूण नाही एवढ्यावर समाधान मानू नये. उलटपक्षी, ताप, जंतुसंसर्ग वा सूज असताना शरीर लोह साठ्यातच अडकवून ठेवते आणि फेरिटिनचा आकडा फुगतो. अशा वेळी सत्तरपर्यंतचा आकडाही उणीव झाकीत असू शकतो. ‘सीरम आयर्न’ या तपासणीवर एकटीने विसंबू नये, कारण सकाळ-संध्याकाळ आणि नुकतीच घेतलेली गोळी यांनी ती वरखाली होते. लोह वाहून नेणाऱ्या ट्रान्सफेरिनच्या किती टक्के जागा भरलेल्या आहेत, हे पाहणे त्याहून उपयोगी. वीस टक्क्यांच्या खाली पुरवठा अपुरा समजतात.

शिवाय प्रत्येक रक्तक्षय लोहाचा नसतो, याचे एक उदाहरण तर आपल्या मुंबईतच फार पूर्वी उजेडात आले. १९२८ मध्ये लूसी विल्स या इंग्रज डॉक्टर मुंबईस आल्या आणि गिरणीत राबणाऱ्या गरोदर स्त्रियांच्या रक्तक्षयाचा त्यांनी शोध घेतला. त्या स्त्रियांच्या तांबड्या पेशी आकाराने मोठ्या होत्या, आणि यीस्टच्या अर्काने त्या स्त्रिया बऱ्या होत. त्यातील गुणकारी द्रव्य पुढे फॉलिक ॲसिड म्हणून ओळखले गेले. ब-१२ जीवनसत्त्वाच्या अभावानेही पेशी अशाच मोठ्या होतात. थॅलसीमियाच्या वाहकाच्या पेशी, याउलट, लोहाच्या उणिवेत होतात तशा लहान असतात, पण साठा भरलेला असतो, आणि लोहाच्या गोळ्यांनी त्याचे हिमोग्लोबिन वाढत नाही. ज्या थॅलसीमियाग्रस्त मुलांना वारंवार रक्त चढवावे लागते, त्यांचे फेरिटिन तर लोह अतोनात साचू नये म्हणून मोजीत राहावे लागते.

प्रत्येक उपकेंद्रावर फेरिटिन मोजा, अशी अवास्तव मागणी कोणी करणार नाही. ही तपासणी हिमोग्लोबिनहून महाग आहे. परंतु महिनाभर नियमाने गोळ्या घेऊनही जिचे हिमोग्लोबिन ग्रॅमभरसुद्धा वाढले नाही, तिच्या शिरेतील रक्त घेऊन सीबीसी (रक्तपेशींची संपूर्ण मोजणी) आणि फेरिटिन पाहण्याची तजवीज जिल्हा परिषदेच्या आरोग्य विभागाने करावयासच हवी. ऊसतोडीस जाणाऱ्या स्त्रियांच्या बाबतीत तर ही तपासणी दसऱ्यापूर्वीच व्हावी, कारण एकदा मुकादमाची उचल घेतलेला कोयता, म्हणजे ऊसतोडीचे जोडपे, फडावर पोहोचला, की खाडा पडण्याच्या धास्तीने ती बाई दवाखान्याची पायरी चढत नाही. शेजारच्या बीड जिल्ह्यात अशा स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये विधिमंडळापर्यंत गेला. अतिरक्तस्रावाची तक्रार वेळीच ऐकली जाणे किती अगत्याचे आहे, हे तेव्हाच कळावयास हवे होते.

हिमोग्लोबिन भरून आल्यावरही साठा भरण्यासाठी पुढे सुमारे तीन महिने गोळी चालू ठेवावी लागते, आणि हे त्या स्त्रीला कोणीतरी निवांत बसून सांगावे लागते. गोळी चहाबरोबर घेऊ नये. आपल्या जिल्ह्याच्या मोसंबीची एखादी फोड, लिंबू वा आवळा सोबत असेल तर लोह अधिक शोषले जाते. फडाकडे निघताना तिच्याजवळ पुरेशा गोळ्या, तपासणीचा कागद आणि त्यावर मराठीत लिहिलेले कारण असावे. आणि ज्या कारखान्याच्या हद्दीत ती खोप घालील, तेथील आरोग्य केंद्राने तोच कागद पुढे चालवावा, नवा केसपेपर काढून पुन्हा पहिल्या गोळीपासून आरंभ करू नये.